ठिपक्यांतला आकडा

अग्निशमन दलाच्या भरतीत माझा धाकटा भाऊ धावण्यात पहिला आला, दोरावर सरसर चढला आणि डोळ्यांच्या तपासणीत बाद झाला. त्याच्या वयात बसणारी ही शेवटची भरती होती.

"ताई, रंगीत ठिपक्यांत आकडा होता म्हणे. मला नुसते ठिपकेच दिसले गं."

"मेल्या, घाईघाईत बघितलं असशील!" आई त्याला दाराकडे ओढू लागली. "चल, मी येते. पाया पडू त्यांच्या, परत एकदा बघू द्या म्हणावं."

"आई, लाल-हिरव्यातला फरक मला कळतच नाही. जन्मापासूनचं आहे, औषध नाही. डॉक्टर म्हणाले, बायकांना स्वतःला सहसा सगळे रंग नीट दिसतात, पण हा दोष त्यांच्याकडूनच मुलाकडे येतो."

आईने त्याचा हात सोडला. "म्हणजे मीच तुझ्या वाटेत आडवी आले?"

"अगं, तू काय मुद्दाम दिलास?" म्हणत तो तिचे डोळे पुसत राहिला.

 

मी आतल्या खोलीत गेले, रंगांची नावं नुकतीच शिकलेल्या माझ्या लेकापुढे एक लाल आणि एक हिरवा ठोकळा ठेवला, आणि "यातला लाल कुठला रे, राजा?" एवढं विचारायला माझं तोंडच उघडेना.