टेबलाचे दोन भाग

“आधी एवढं सांगा, पातं रेघेच्या कोणत्या बाजूने जाणार?” थोरलीने विचारलं.

मिस्तरींनी पेन्सिल कानावर ठेवली. टेबलाचे पाय काढून झाले होते. वरची फळी करवतीच्या मशीनवर आडवी टेकवली होती आणि तिच्या मधोमध रेघ मारली होती. रेघेच्या एका अंगाला थोरली बहीण उभी, दुसऱ्या अंगाला धाकटी. त्यांची आई शिवणकाम करायची. तिच्या कात्रीचे चरे अजून त्या लाकडावर दिसत होते. आई गेल्यावर टेबल कुणी न्यायचं यावरून दोघींचं बिनसलं, आणि नातेवाइकांनी भरलेल्या घरात थोरली म्हणाली, “मग कापून अर्धं अर्धं घेऊ.” धाकटी म्हणाली, “घेऊ की.” एवढ्या लोकांसमोर बोलून बसल्यावर माघार कोण घेणार? थोरलीने या मिस्तरींचं नाव सुचवलं, धाकटीने लगेच मान डोलावली आणि टेबल इथे येऊन पडलं.

गावात मिस्तरींना सगळे होईलराव म्हणत. काम कधी मिळेल असं विचारलं की “होईल” हे एकच उत्तर. एकाने त्यांना पाळणा सांगितला होता, तो न्यायला बाळ स्वतः चालत आलं होतं. हाताला सफाई अशी की नाव ठेवायला जागा नाही. पण मशीन सुरू करायच्या आधीचं त्यांचं सगळं आवरतच नसे. पातं काटकोनात आहे का ते गुण्या लावून बघायचं, बाजूची पट्टी सरळ आहे का ते बघायचं, जुन्या लाकडात खिळा राहिलाय का म्हणून लोहचुंबक फिरवायचा. मग चहा. मग पुन्हा पहिल्यापासून. दहाही बोटं शाबूत असल्याचा त्यांना कोण अभिमान! बायकोचं म्हणणं असं, की दहा बोटं दाखवून घर चालत नाही.

आज सकाळी तिने शेवटचं सांगून टाकलं होतं. “ते टेबल संध्याकाळच्या आत कापून झालं नाही, तर उद्यापासून दुकानाला कुलूप. माझ्या भावाकडे जायचं आणि खुर्च्या पुसत बसायचं.”

तिचा भाऊ तयार फर्निचर विकायचा. त्याच्या खुर्च्यांवर जपून बसावं लागे. होईलरावांच्या अंगावर काटा आला. आज काय वाटेल ते होवो, टेबल कापायचंच, असं ठरवून ते दुकानात आले होते.

“पातं रेघेवरूनच जाणार,” ते म्हणाले. “निम्मी जाडी इकडे, निम्मी तिकडे.”

“जाडी म्हणजे?” धाकटीने शब्द पकडला.

“पात्याला जाडी असते, बाई. तेवढ्या लाकडाचा भुसा होतो.”

“आणि त्या भुशाचं काय?”

एरवी इतका सुरेख प्रश्न मिळाला असता, तर त्यांचा अर्धा दिवस त्यातच गेला असता. आज त्यांनी मशीनखाली पोतं लावलं. “तराजूत घालून निम्मा निम्मा देतो,” ते म्हणाले.

मग थोरलीला त्यांच्या टेपचा भरवसा वाटेना. त्यांनी तिच्या पिशवीतल्या टेपने पुन्हा मोजलं. रेघ जागची हलली नाही. मग धाकटी म्हणाली, तिच्या वाटच्या भागात गाठ आहे. त्यांनी तिला थोरलीच्या भागातली गाठ दाखवली. दोघींचे चेहरे पडले. काय बायका आहेत, होईलरावांना वाटलं. एका आईच्या पोटच्या आणि भुशावरून भांडतात. त्यांना मनापासून वाईट वाटलं, पण मेहुण्याच्या खुर्च्या आठवल्यावर तेही मागे पडलं.

त्यांनी लोहचुंबक फिरवला, पातं लाकडाच्या जरासं वर राहील इतकंच ठेवलं, पलीकडे आधाराला घोडी लावली, चष्मा चढवला. करायचं ते सगळं केलं, फक्त एकेकदाच.

“पात्याच्या रेषेत उभ्या राहू नका. लाकूड कधी कधी उलटं उडतं.”

दोघी निमूट बाजूला झाल्या. थोरली भिंतीला टेकली. धाकटी मशीनच्या कोपऱ्याशी आली. होईलरावांनी बटण दाबलं. पातं गरगरायला लागलं. त्यांनी फळी पट्टीला टेकवून हळूच पुढे सरकवली. लाकूड पात्याला भिडलं, चिमूटभर भुसा पोत्यात पडला आणि त्यांचं मन आनंदाने भरून आलं. आयुष्यात पहिल्यांदाच ते वेळेवर होते.

तेवढ्यात मशीनचा आवाज उतरला. वीज गेली म्हणावं तर डोक्यावरचा दिवा जळत होता. पातं पुरतं थांबेपर्यंत त्यांनी फळी घट्ट धरून ठेवली. मग मान वर केली.

थोरलीच्या हातात भिंतीतून उपटलेला प्लग होता. धाकटीचा अंगठा बंद करायच्या बटणावर होता. दोघी एकमेकींकडे बघत होत्या.

“तू का दाबलंस?” थोरलीने विचारलं.

“तू का उपटलास?”

थोरलीने फळीच्या कडेवर पडलेल्या नखाएवढ्या कापावर बोट फिरवलं. तिचे डोळे भरून आले. मग ती होईलरावांवर उखडली, जसं काही ते घर लुटताना सापडले होते.

“आजच कसली घाई झाली होती हो तुम्हाला? वर्ष-दीड वर्ष तुम्ही टेबलाला हात लावणार नाही, या भरवशावर तर मी तुमचं नाव सुचवलं होतं.”

“मग मी तरी दुसऱ्या कशासाठी हो म्हणाले, ताई?” धाकटी म्हणाली.