आबांचा हात

आबांचे हात कापायला लागले आणि त्यांचं घड्याळदुरुस्तीचं दुकान बंद झालं. लेकीने जुने खेळ भरून छोटा गेम कन्सोल आणून दिला, पण तिथेही ते पहिल्याच खड्ड्यात पडायचे आणि हिरमुसून उठायचे. तिला बघवेना. एकदा ते अंघोळीला गेल्यावर तिने कन्सोल लॅपटॉपला जोडला आणि गुपचूप चीट कोड टाकला. आता कितीही चुकलं तरी खेळाडू मरणार नव्हता.

आबा रोज जिंकू लागले, पोटभर जेवू लागले.

आठ दिवसांनी त्यांनी तिला हाक मारली. “शेवटच्या राक्षसालाही लोळवलं गं! आता सांगतो, तुझ्या त्या थरथरीवरच्या गोळ्या मी आठवडाभर घेतल्याच नाहीत. हात आपोआप बरा झालाय.”

त्यांच्या हातातला कंट्रोलर खडखडत होता.

“अगं, शाब्बास तरी म्हण!”