झाडाचं दूध

"तीस वर्षांत माझ्या घरी मटणानं दुधातुपाचं तोंड पाहिलेलं नाही!" सिमखाबाई ठासून म्हणाल्या. मटणाच्या भांड्यांना लाल ठिपका, दुधातुपाच्या भांड्यांना निळा. इस्रायलहून आलेल्या राबींनी, म्हणजे ज्यू धर्मगुरूंनी, चमचेसुद्धा तपासले. जेवण ज्यू धर्मनियमांत बसतं असा कोशरचा दाखला त्यांनी दिला, की अलिबागला येणाऱ्या इस्रायली पाहुण्यांची जेवणं सिमखाबाईंकडेच लागणार होती.

राबी जेवायला बसले. भातावरचा मटणाचा रस्सा त्यांना पांढरट दिसला. "यात काय?" त्यांनी आपल्या मोडक्या मराठीत विचारलं.

"नारळाचं दूध."

राबींना त्यातलं 'दूध' तेवढं कळलं. ते ताडकन उठले.

"अहो, गाईचं नाही, झाडाचं!"

"झाड दूध देतं?" म्हणत राबी चपला शोधू लागले.

सिमखाबाईंनी त्यांना तसंच परसात नेलं. त्यांच्यासमोर नारळ फोडला, खवला, पिळला आणि वाटी त्यांच्या हातात दिली. राबींनी घोट घेतला आणि ते खो खो हसले. "झाड! दूध!" म्हणत त्यांनी तिथंच दाखला लिहून काढला. सही तेवढी जेवण झाल्यावर करायची ठरली.

दोघं आत आले. वाढायला मदत म्हणून आलेली शेजारीण शेवंता ताटाशी उभी होती.

"भात कोरडा पडत होता, म्हणून पाहुण्यांना त्यावर घरचं साजूक तूप वाढलं," ती म्हणाली. "आणि निळ्या ठिपक्याच्या चमच्यानंच हो! तुमचे नियम पाठ आहेत मला."

राबींनी पेनाला टोपण लावलं.