शिफ्टपुरत्या बांगड्या

साल १९५५. मार्गशीर्षातला सोमवार होता. पिंपरीच्या नव्या औषध कारखान्याच्या गेटाबाहेरच्या नळाशी गोजाबाई मनगटाला साबण चोळत होती. डाव्या हातातल्या पाच हिरव्या बांगड्या उतरल्या होत्या. उजव्या हातातल्या अजून अडल्या होत्या. भोवती निम्मं गाव जमलं होतं. आठच्या भोंग्याला दहा मिनिटं उरली होती. भोंग्याच्या आत जी गेटातून जाणार नाही, तिची जागा बाहेरगावच्या बाईला मिळणार होती.

कारखाना गावाच्या जमिनीवर उभा राहिला तेव्हा पुरुषांना काम मिळालं होतं, पण ते फावड्याचं. त्यांनी पाया खणला, भिंत बांधली. भिंत पुरी झाली आणि कामही संपलं. गोजाबाईचा नवरा ज्योतीराम सहा महिने घरी बसून होता. आतलं काम शिकलेल्यांचं होतं, आणि शिकलेले लोक रोज सकाळी पुण्याहून येत.

मग ट्रेनिंगचे साहेब लक्ष्मणराव चावडीवर आले. कुप्यांत इंजेक्शनचं औषध भरायला गावातल्या आठ बायका हव्यात, म्हणाले. वय पंचविशीच्या आत. तीन महिने शिकवू, मग कायमची नोकरी. अट एकच, हातात काचेची बांगडी चालणार नाही. "तुकडा उडून कुपीत पडला, तर कुणाच्या तरी रक्तात जाईल," त्यांनी समजावलं.

चावडीला ते पटेना. कासारीण नव्या बांगड्या भरतानासुद्धा जुनी एक हातात राहू देते. सवाशिणीचा हात क्षणभरही मोकळा राहू नये म्हणून. मोकळे हात फक्त विधवेचे.

"मग म्हाताऱ्या रांडमुंड्याच घेऊन जा की, सायेब!" मागून कुणीतरी ओरडलं, आणि सगळे हसले. ज्या आठ घरांतल्या सुना निवडल्या, त्या आठही घरांनी नकार दिला. रविवारी रात्री गोजाबाईने आपला नकार मागे घेतला. सासूला मात्र तिने काही सांगितलं नाही.

आता चुलतसासरे हिंदुराव तिच्या समोर काठी रोवून उभे होते.

"नवरा जिता असताना हात मोकळं करतीस? उद्या आमच्या ज्योतीरामाचं बरंवाईट झालं म्हंजी?"

"त्यास्नी उपाशी ठिवून मी बांगड्या वाजवीत बसू का, मामंजी?" गोजाबाई म्हणाली. तिने शेवटची बांगडी ओढून काढली. अंगठ्याचं सालटं निघालं.

ज्योतीराम आपणच बांधलेल्या भिंतीला टेकून खाली बघत होता.

तेवढ्यात गर्दी बाजूला झाली. शेणाने भरलेले हात तसेच घेऊन सोजराबाई धावत आली होती. गोजाबाईची सासू. नवरा जाऊन नऊ वर्षं झाली होती. आता ही सुनेच्या थोबाडीत मारणार, असं सगळ्यांनाच वाटलं. गोजाबाईने तर डोळेच मिटले.

सोजराबाईने नळाखाली हात धुतले, पदराला पुसले आणि पुढे केले.

"आण हिकडं."

गोजाबाईने बांगड्या दिल्या. सोजराबाईने एकेक करून त्या स्वतःच्या हातांत चढवल्या. डाव्यात पाच, उजव्यात पाच.

"वहिनी!" हिंदुरावांचा आवाज चिरकला. "लोक काय म्हणतील?"

"माझ्या फोडल्या तवा लोकांनी मला इचारलं न्हवतं. आज मी लोकांला इचारत न्हाई." ती सुनेकडे वळली. "बांगड्या भुईवर ठिवायच्या न्हाईत, खुंटीला टांगायच्या न्हाईत. तू सुटंस्तवर माझ्या हातात ऱ्हातील. जा, भोंगा हुईल."

गोजाबाई आत गेली. सोजराबाई भर गल्लीतून, बांगड्या वाजवत घरी गेली आणि राहिलेल्या गोवऱ्या थापायला बसली.

ते पाहून लक्ष्मणरावांनी बाहेरगावच्या बायकांना आठवडाभर थांबवलं, आणि तेवढ्यात आणखी चार सुना गेटात शिरल्या. त्यांच्या बांगड्या कुणाच्या सासूने सांभाळल्या, कुणाच्या विधवा नणंदेने. तीन जागा मात्र गेल्या त्या गेल्याच.

लक्ष्मणरावांची दोन वर्षांनी बदली झाली. जाताना ते सोजराबाईला नमस्कार करून गेले. हिंदुरावांनी नऊ वर्षांनी स्वतःची नातसून ट्रेनिंगला धाडली, आणि ही वाट आपणच पाडली असं मरेपर्यंत सांगत राहिले. गोजाबाई शिकली, मग शिकवू लागली. थेरगाव-निगडीकडच्या कितीतरी मुलींचे हात तिने त्या कामाला वळवले. ज्योतीरामला अक्षरं तिनेच शिकवली. तो बॉयलरवर लागला.

१९७२ साली तो तापाने गेला. गोजाबाई तेव्हा सकाळच्या शिफ्टला होती. पांढऱ्या कोटातच ती घरी धावत आली. बायकांनी तिला भिंतीशी बसवलं. बांगड्या फोडायला एकीने दगड उचलला, दुसरीने मनगट धरलं. मनगट मोकळंच होतं.

सगळ्यांच्या नजरा लेकाच्या उशाशी बसलेल्या सोजराबाईकडे गेल्या. तिच्या वाळक्या हातांत दहा हिरव्या बांगड्या होत्या.

"हिंदुराव तवाच म्हणलं व्हतं," कुणीतरी पुटपुटलं.

सोजराबाई उठली. साबण लागला नाही, बांगड्या आपसूक उतरल्या. दगडवालीला ओलांडून ती सुनेपुढे बसली आणि एकेक बांगडी तिच्या हातांत चढवू लागली.

"सतरा वरसं विधवेच्या हातात वाजल्या. माझा लेक तापानं गेला, बांगड्यांनी न्हाई." तिने शेवटची बांगडी चढवली. "ऱ्हाऊ दे, गोजे. कामावर जाशील तवा रोजच्यावानी माझ्याकडं दे."