बंद खोलीतला आवाज

"माह्या पोरीले काहून कोंडलं तुमी?" ओमप्रकाशनं टेबलावर पंजा आपटला.

अनुपमा मॅडम खुर्चीतून उठल्या नाहीत. अमरावतीच्या त्या कॉलेजात त्या मानसशास्त्र शिकवत. करिश्माला खोलीत कोंडलं, तिला आवाज ऐकू येताहेत, असा तिच्या मैत्रिणीचा फोन गेला आणि ओमप्रकाश वरूडहून संत्र्यानं अर्धी भरलेली गाडी तशीच टाकून धावत आला होता. त्याची लेक कोपऱ्यातल्या बाकावर बसली होती.

"कोंडलं नाही. प्रयोग होता," मॅडम म्हणाल्या. बंद खोलीत एकट्यानं बसायचं, डोळ्यांवर पट्टी, कानांत बोळे, हातांत जाड मोजे. काही दिसू नये, ऐकू येऊ नये, हाताला लागू नये. बाहेरून काहीच आलं नाही, की मेंदू आपल्या मनानं काहीबाही उभं करतो. करिश्मानं स्वतःहून नाव दिलं होतं. नको वाटलं की दार ठोकायचं, एवढंच सांगितलं होतं.

"पोरगी आहे ते. उंदीर नाही तुमचा." मग तो लेकीकडे वळला. "अन् तुले अक्कल नाही? दार ठोकता येत नव्हतं? शिकाले पाठवलं का येडं व्हाले?"

करिश्मानं मान खाली घातली. आधी तिला रंगीत ठिपके दिसले होते. मग भिंत सरकत अंगावर आली. मग आपले हात आपले वाटेनात. आणि शेवटी खोलीत कोणीतरी बोलू लागलं.

"आवाज ऐकू येऊन राहिले पोरीले," ओमप्रकाश दारात जमलेल्या मुलांना ऐकवत ओरडला. "हे शिकवतात इथं. मी पोलिसात जातो." तो पुन्हा लेकीकडे वळला. "कोणाचा आवाज होता? बोल ना. तोंड नाही काय तुले?"

"तुमचा, बाबा."



"प्रयोगातल्या बाकीच्यांना असे आवाज खरे वाटले. घाबरून बाहेर आले सगळे," मॅडम हळूच म्हणाल्या. "तू नाही आलीस. तुला खरा नाही वाटला?"

करिश्मानं मान वर केली. बापाकडे पाहिलं नाही.

"बाबा म्हणून राहिले होते, दमली काय माय, ये, बस जराशी माह्याजवळ. तवाच समजलं मले, हा भास आहे."