अपूर्वाचं बारसं

"तुमचा इश्वास बसायचा न्हाई म्याडम, आन् बसवू बी नका. पर हिचं नाव ठेवायला आगीनगाडी थांबली व्हती."

सटवाजी हे बोलला तेव्हा खरं तर त्यानं काही बोलायची गरजच उरली नव्हती. परभणीहून चौकशीला आलेल्या मॅडमनी नातीच्या जन्माचा दाखला दोनदा वाचून काढला होता. चुडाव्यातून कुणीतरी फोन केला होता, परवा लग्न आहे आणि पोर लहान आहे, नववीत शिकते. दाखला म्हणत होता, पोर अठरा वर्षं दोन महिन्यांची आहे. नाव अपूर्वा, बाप रामकिशन, खाली गोल शिक्का. ग्रामसेवक पंचनामा लिहून मोकळे झाले होते. मॅडमची सही तेवढी राहिली होती. ती झाली की जीप जाणार आणि परवा पेडगावचं वऱ्हाड येणार.

पेन उघडता उघडता मॅडमनी सहज विचारलं होतं, "मेंढरं राखणाऱ्यांच्या घरात असं नाव कुणी ठेवलं हो?"

एवढं सटवाजीला पुरे होतं. कुणी गोष्ट मागितली आणि त्यानं दिली नाही, असं चुडाव्यात अजून झालेलं नाही.

"माझी सून दैवशाला दिवस भरलेली. पूर्णेच्या दवाखान्यात न्यायची म्हनून प्यासिंजरात बसवली. गाडी सुटली आन् हिकडं कळा चालू झाल्या. मी काय केलं, दारातून खाली उडी टाकली."

"चालत्या गाडीतून?" ग्रामसेवक म्हणाले.

"चालत्या, भाऊसाहेब. पळत पळत इंजनाच्या म्होरं गेलो, डोईचा लाल पटका सोडला आन् रुळात हुबा राह्यलो. डायवर खिडकीतून म्हनला, बाबा, काय काम हाय? मी म्हनलो, नात यायलीय, जरा दम धर."

ग्रामसेवक हसले. मॅडमही हसल्या. उघडलेलं पेन हातातच राहिलं.

अपूर्वा उंबऱ्यावर बसली होती, ती हसली नाही. काल तिला हिरवा चुडा भरला होता. कासाराच्या पेटीत तिच्या मापाच्या बांगड्याच निघाल्या नाहीत, म्हणून मोठ्या भरल्या. केस मागं सारायला हात वर केला की त्या खळकन कोपरापर्यंत यायच्या.

मॅडम तिकडेच बघत होत्या. "अठरा वर्षांची, आणि नववीत?"

"मेंढरामागं फिरनारी मानसं आमी. शाळेत उशिरा घातली."

हे उत्तर त्यानं फार पटकन दिलं. त्यात काही मजा नव्हती, हे त्यालाही कळलं. म्हणून तो पुन्हा गाडीत चढला.

"डब्यात एक मास्तरीन व्हती, नांदेडहून बसलेली. तिनं लुगड्याचा आडोसा केला, समदं नीट केलं. पोर भाईर आली तर रडंना. मंग मी डायवरला हात केला, त्यानं शिट्टी मारली, तवा कुठं रडली. मास्तरीन म्हनली, हिचं नाव काय ठिवनार? मी म्हनलो, आमच्यात काय, म्हाळसा न्हाईतर मनकर्णा. ती म्हनली, बिलकुल न्हाई. हिला अपूर्वा म्हना. म्हंजी काय बाई? तर म्हंजी, हिच्यासारखी आदी कुनी झालीच न्हाई."

सटवाजीनं जरा दम घेतला. एवढी गोष्ट झाली की तो दम घ्यायचाच, ऐकणाऱ्याला वेळ मिळावा म्हणून.

"आता बाराव्या दिशी कानात नाव सांगायचा हक आत्याचा. ही आत्या, माझी लेक सरजा. हिची जीभच वळंना. पाळन्यात तोंड घालून तीनदा चुकली. बायांनी पाठीत असे धपाटे घातले की चार दिस उतानी निजली न्हाई. खोटं वाटत आसंल तर तिलाच इचारा."

अंगणात लग्नाची हळद दळत बसलेल्या सरजाबाईचं जातं थांबलं. पाहुणे आले तर तू तोंड उघडायचं नाही, असं तिला सकाळीच बजावलं होतं. पण एवढं मात्र खरोखरच घडलेलं होतं.

"पाचदा चुकले," ती म्हणाली. "लय गोरी व्हती. कानाला तोंड लावलं की अंग आखडायची." आणि तिनं पदर तोंडाला लावला.

मॅडमनी उंबऱ्याकडे पाहिलं. तिथली पोर चांगली सावळी होती.

"उनातानात रापली," सटवाजी म्हणाला. "करा म्याडम सही. तुमाला बी उशीर व्हायलाय."

मॅडमनी पेन कागदावर टेकवलं. सही केली नाही, उचललंही नाही.

"आबा," अपूर्वा उंबऱ्यावरून म्हणाली, "माझ्या कानात कुनी काय सांगितलं न्हाई."

"गप बस."

"जिच्या कानात सांगितलं ती माझी थोरली भन तापानं गेली. मी तिच्या मागं तीन वर्सानं झाले. तिचा दाखला व्हता घरात, म्हनून माझं बारसंच केलं न्हाई तुमी."