प्र. मुख्याध्यापक

बारा वर्षं मी झेडपी शाळेचा प्रभारी मुख्याध्यापक होतो. सेवाज्येष्ठतेच्या वादात बढती कोर्टात अडकली होती. शिक्क्यावर ‘प्र. मुख्याध्यापक’ होतं. म्हातारपणी वाचायला शिकलेल्या मायनं तो शिक्का वाचून गल्लीभर सांगितलं, “प्र म्हंजी प्रमुख. समद्या हेडमास्तरांचा प्रमुख हाय माझा लेक.” मी कधी दुरुस्ती केली नाही. निवृत्तीला सहा दिवस असताना निकाल माझ्या बाजूनं लागला. परभणीहून नुसतं ‘मुख्याध्यापक’ लिहिलेला नवा शिक्का करून आणला आणि कागदावर उमटवून पहिल्यांदा मायला दाखवला. तिनं चष्मा पुसला, अक्षरांवरून बोट फिरवलं. “तुझा प्र काढून घेतला व्हय रं? जाता जाता खाली उतरवलं तुला?” तिचे डोळे भरले. “न्हाई माय, शिक्केवाल्याची चूक हाय,” मी म्हणालो, आणि खिशातला पेन काढून माझ्याच हातानं त्या शब्दाआधी ‘प्र.’ लिहिला.